नोटीस बजावली

खानापूरच्या कोर्टात बेलीफ होतो मी, सव्वीस वर्षं.
तालुका पायांनी वाचलाय.

आंबेगाळीच्या पाटाचा दावा अकरा वर्षं चालला
आणि एका दुपारी, जेवणाच्या सुट्टीआधी, फेटाळला गेला.
वर शिवलिंगप्पांनी तुंब अडवला
की खाली सातेरी घाड्यानं रात्री फोडला,
ते राहिलंच बाजूला.
साहेबांनी एवढंच विचारलं,
या पाटावर आणखी कोण आहे?
घाड्याचा वकील म्हणाला, तसं कोणी नाही,
शेवटाला एक लक्कव्वा आहे,
जमीन नाही तिला, दोन घागरी भरते.
साहेबांनी चष्मा काढला.
मग ती कुठाय?

आवश्यक पक्षकार.
हा शब्द हजारदा पिशवीत घालून हिंडलो असेन,
त्याच्या कडेवर घागर असते
हे त्या दिवशी कळलं.

दावा नव्यानं लागला. प्रतिवादी सेहेचाळीस.
नोटिसा कन्नडात, घरं निम्मी मराठीत,
दारात उभा राहून वाचायचो,
मग सांगायचो, मग परत सांगायचो.
"आमी काय केलंय गा?"
काय नाही. पाणी घेता, म्हणून.
"त्यो काय गुन्हा हाय?"
गुन्हा न्हवं मावशी,
तुमच्याबिगर निकाल होत नाही.
हे ऐकून काही जण घाबरले.
काही जण आत गेले, सदरा बदलून आले,
मग सही केली.

मकतुमसाबची वीटभट्टी, चिखल भिजवण्यापुरतं पाणी.
सांतानची दोन माडं, तो स्वतः जहाजावर.
बमू लांबोर, पत्ता: म्हशी असतील तिथं.
त्याला शोधायला चार दिवस रान तुडवलं,
नोटीस त्यानं हुंगली, घडी करून पागोट्यात खोचली.
मयत रवळूच्या तीन लेकी,
धाकटी चंदगडच्या बाजूला दिलेली.
तिचा कोंबडा आरवला तर पाटावर ऐकू येतो,
पण मध्ये दुसरं राज्य, म्हणून नोटीस
कोर्टातून कोर्टात फिरून
चार महिन्यांनी परत आली, शेरा: पत्ता अपुरा.

आणि एकोणचाळिसावं पाकीट.
मयत गंगव्वा, वारस मुलगा.
पुढं माझं नाव.
आईनं माहेरचा अर्धा गुंठा भावाकडं कधी मागितला नव्हता,
तो कागदावर तसाच बसून होता, तिची वाट बघत.
स्वतःला स्वतः बजावता येत नाही, नाझर म्हणाला,
आणि नवं पोरगं पाठवलं माझ्या दारी.
"सही करा की काका."
म्हटलं, आधी वाच. सगळं वाच.
त्यानं वाचलं.
मी आत जाऊन सदरा बदलून आलो.

तारखेला दोन टेम्पो भरून माणसं.
बाकं पुरेनात, व्हरांडा पुरेना,
पट्टेवाल्याचा आवाज बसला नावं पुकारता पुकारता.
शिवलिंगप्पा आणि सातेरी घाडी
एकाच खांबाला टेकून उभे, तोंडं उलटी.
शेवटी लक्कव्वा.
"बंदीनरी," ती एवढ्या मोठ्यानं म्हणाली
की साहेबही जरा सरळ बसले.
हजेरी झाली. पुढची तारीख पडली.
बाकी काही झालं नाही.

संध्याकाळी त्यांच्याच टेम्पोतून गेलो, आता मीही त्यांच्यातला.
दिवसभर तुंबावर कुणी नव्हतं.
ना अडवायला, ना फोडायला.
पाणी आपलं आपण चालत गेलेलं,
भट्टीवरून, माडांखालून, आईच्या अर्ध्या गुंठ्यातून,
घाड्याच्या शेवटच्या वाफ्याच्याही पुढं,
थेट लक्कव्वाच्या उंबऱ्याला.
सगळे बघत राहिले, कुणी बोलेना.
ती एकटी चप्पल काढून आत शिरली,
कोरड्या घागरी उचलून बाजूला ठेवल्या,
आणि कंबरेवर हात ठेवून आमच्याकडं वळली.
"परवाच सारवलं होतं," म्हणाली,
"आता कोण सारवणार हे?"